वाडीच्या पलीकडचा दिवस

नृसिंहवाडीला येणाऱ्या माणसाचा कार्यक्रम ठरलेला असतो. जयसिंगपूरच्या बाजूनं गाडी येते, चपला दुकानात ठेवल्या जातात, घाट उतरून पादुकांचं दर्शन होतं, औदुंबराला प्रदक्षिणा पडतात, वर येताना बासुंदी होते, कवठाची बर्फी आणि पेढे बांधून घेतले जातात आणि गाडी परत फिरते. दोन-अडीच तासांत वाडी आटोपते. वर्षानुवर्षं, अगदी दर पौर्णिमेला येणाऱ्या कित्येकांनी संगमापलीकडचा रस्ता पाहिलेला नाही. त्यांच्या भक्तीत काही उणं आहे असं नाही. पण ज्या मुलखानं हे क्षेत्र घडवलं तो मुलूख त्यांना कुणी दाखवलेलाच नाही, याची हळहळ वाटते.

मठ, गुहा आणि धबधबा एका दिवसात दाखवणाऱ्या सहलींचा हल्ली सगळीकडेच सुकाळ आहे. तशीच एक सहल वाडीतून काढायची म्हटली तर काय दिसेल, हे पाहण्यासाठी आम्ही काही जण एका छोट्या गाडीतून निघालो. वाटाड्या म्हणून कुरुंदवाडकडचे एक निवृत्त शिक्षक बरोबर होते. इतिहास शिकवण्यात त्यांचा जन्म गेला, आणि गावोगाव त्यांचे विद्यार्थी. दिवसभर जे पदरात पडलं त्यातलं निम्मं तरी त्यांच्यामुळं. सर नसते तर आम्ही दगड पाहून आलो असतो.

सुरुवात अर्थात वाडीतूनच, काकड आरतीनंतर. पश्चिमेकडून आलेली पंचगंगा इथं कृष्णेला मिळते. पाचशेहून अधिक वर्षांपूर्वी औदुंबरहून आलेले श्रीनृसिंह सरस्वती या संगमावर बारा वर्षं राहिले आणि मग गाणगापूरला गेले. जाताना मागं ठेवलेल्या त्या मनोहर पादुका. गाभाऱ्यात मूर्ती नाही, पूजा पादुकांची. निघण्याचा तो दिवस गुरुद्वादशी म्हणून पाळतात. अश्विन वद्य द्वादशी, म्हणजे ऐन दिवाळीच्या तोंडावर, वसुबारसेच्या आसपास. वाडीतली दिवाळी एका निरोपाच्या आठवणीनं सुरू होते.

देवळाला शिखर नाही. विजापूरच्या आदिलशहाच्या मुलीचे डोळे इथल्या कृपेनं बरे झाले, म्हणून त्यानं ही वास्तू बांधून दिली आणि पलीकडची औरवाड-गौरवाड ही गावं इनाम दिली, अशी परंपरा पुजारी मंडळी सांगतात. मला या कथेतली देवाणघेवाण महत्त्वाची वाटते. एक सुलतान, एक संन्यासी आणि नदीपलीकडची दोन गावं एकाच गोष्टीत नांदतात, आणि सांगणाऱ्याला त्यात वावगं काही वाटत नाही.

सरांनी आम्हाला घाटावरच बसवून घेतलं आणि सांगितलं, "देऊळ बघायचं तर आधी पाणी कुठंवर येतंय ते बघा." पावसाळ्यात कृष्णा पायरी पायरीनं वर चढते आणि देवळात शिरते. उत्तरेच्या दारानं आत आलेलं पाणी पादुकांवरून वाहत दक्षिण दारानं बाहेर पडलं की तो दक्षिणद्वार सोहळा. त्या पाण्यात स्नान करायला रात्री-अपरात्रीही माणसं धावत येतात. पाणी वाढत असताना होतो तो चढता दक्षिणद्वार, ओसरताना होतो तो उतरता. पाणी आणखी चढलं की उत्सवमूर्ती वरच्या मठात हलवतात आणि नित्यक्रम तिथं चालू राहतो. इथला पूर हा पूजेचाच एक भाग आहे. देवळाची बांधणी, पुजाऱ्यांची ये-जा, दुकानांचे माळे, सगळं पाणी येणार हे धरूनच बेतलेलं. आषाढ लागला की खालच्या दुकानांतला माल वर चढू लागतो, त्याची कुणाला दवंडी पिटावी लागत नाही.

पण २००५, २०१९ आणि २०२१ चे महापूर या सगळ्या अंदाजांच्या वर गेले. शिरोळ तालुक्यात कृष्णा, वारणा, पंचगंगा आणि दूधगंगा अशा चार नद्या. घाटमाथ्यावर पडलेलं पाणी या चौघी इथं घेऊन येतात, आणि इथं जमीन इतकी सपाट की त्याला पुढं सरकायची घाई नसते. २०१९ च्या ऑगस्टमध्ये गावंच्या गावं रिकामी करावी लागली. खाली कर्नाटकातल्या आलमट्टी धरणाच्या फुगवट्यानं पूर वाढतो की नाही, हा वाद अजून मिटलेला नाही. धरणाची पातळी ५१९.६० मीटरवरून ५२४.२५६ मीटरवर नेण्याचा विषय निघाला की या काठावरची झोप उडते. यात्रेकरूला दक्षिणद्वार हा सोहळा, आणि त्याच पाण्याची पुढची दोन हात उंची म्हणजे शेजारच्या घरातली चूल विझणं. ही दोन्ही माहिती एकाच घाटावर, एकाच माणसाच्या तोंडून मिळाली, हे मला फार मोलाचं वाटलं.

पंचगंगेवरचा पूल ओलांडला की कुरुंदवाड. पटवर्धनांचं हे जुनं संस्थान. गाव आम्ही गाडीतूनच पाहिलं, थांबलो नाही. पण २०१८ ते २०२० या वर्षांत गणेशोत्सव आणि मोहरम एकत्र आले, तेव्हा इथल्या मशिदींत गणपती आणि पीर शेजारी शेजारी बसले होते. सरांना यात बातमीसारखं काही वाटत नव्हतं. त्यांच्या लहानपणीही तसंच होतं.

पुढचा रस्ता उसातून जातो. दोन्ही बाजूंनी ऊस इतका उंच की नदी कुठं राहिली ते कळत नाही. सैनिक टाकळी हे गाव वाटेत लागतं. पिढ्यान् पिढ्या घरटी माणूस लष्करात गेला, म्हणून गावाच्या नावातच सैनिक आला. या पट्ट्यातली बरीच जमीन जादा पाण्यानं क्षारपड झाली आहे. पांढरी फेक आलेली, काही न पिकणारी वावरं उसाच्या मधेच दिसतात. जमिनीखाली सच्छिद्र पाइप घालून खारं पाणी बाहेर काढायचं काम तालुक्यात बऱ्याच ठिकाणी झालं, आणि त्यातल्या काही शिवारांत पुन्हा पीक उभं राहिलं. सहलीच्या पत्रकात हे कुणी छापत नाही. पण मुलूख बघायचा तर हेही बघायला हवं.

आणि मग खिद्रापूर.

कृष्णेच्या वळणावरचं हे सीमेवरचं गाव, पलीकडे कर्नाटक. गावाच्या मधोमध, घरांच्या गर्दीत, कोपेश्वराचं देऊळ उभं आहे. बाराव्या शतकात कोल्हापूरच्या शिलाहारांच्या काळात, गंडरादित्य आणि त्याच्या वंशजांच्या कारकिर्दीत ते आजच्या रूपाला आलं. समोरचा स्वर्गमंडप पहिल्यांदा पाहणारा माणूस बोलायचा थांबतो. ४८ खांबांवर उभा असलेला हा गोल मंडप आणि त्याच्या छताच्या मध्यभागी छतच नाही. तिथं आकाश मोकळं सोडलेलं, आणि बरोबर त्याच्या खाली जमिनीवर तेवढीच गोल अखंड शिळा. भोवतीच्या बारा खांबांवर कार्तिकेय आणि वाहनांसह दिक्पाल. त्रिपुरी पौर्णिमेच्या मध्यरात्री चंद्र या झरोक्याच्या माथ्यावर येतो आणि खालची शिळा उजळते. ते पाहायला हल्ली खूप गर्दी होते. आम्ही गेलो तेव्हा दिवस होता आणि शिळेवर उन्हाचा एक तुकडा होता. तो सरकत सरकत कडेच्या खांबापर्यंत जाईतो आम्ही तिथंच बसून राहिलो.

शंकराच्या देवळात नंदी नाही, हे इथलं दुसरं वैशिष्ट्य. दक्षयज्ञात सती गेली, शंकर कोपला, तो कोपेश्वर. त्याची समजूत घालायला विष्णू आला, तो धोपेश्वर. म्हणून गाभाऱ्यात दोघांच्या पिंडी. सती माहेरी गेली ती नंदीवर बसून, त्यामुळं नंदी इथं नाही. तो कर्नाटकातल्या यडूरला आहे, असं लोक सांगतात. एका कथेतला देव महाराष्ट्रात आणि त्याचं वाहन शेजारच्या राज्यात, अशी ही वाटणी. इथल्या माणसांना मात्र ती वाटणी वाटतच नाही. सोयरीक दोन्हीकडे, बाजार दोन्हीकडे, आणि भाषाही बोलता बोलता बदलते.

सर आम्हाला बाहेरच्या अंगाला, जोत्यापाशी घेऊन गेले. देवळाच्या तळाशी हत्तींची रांग आहे. सगळं देऊळ त्यांच्या पाठीवर उभं. त्यातल्या एका हत्तीपाशी वाकून पाहिलं. सोंड तुटलेली, सुळे गेलेले, पण गळ्यातल्या घंटांची माळ अजून मोजता येते. पाठीवर एक देवता बसलेली आहे. तिचा चेहरा उडाला आहे, पण मांडी घातलेल्या पायाची बोटं शाबूत आहेत. शेजारचा हत्ती वेगळा, त्याची झूल वेगळी, त्याच्यावर बसलेली देवता वेगळी. कारागिरानं एक नमुना करून पुढं गिरवलेला नाही. ही तोडफोड औरंगजेबाच्या स्वारीत झाली असं सांगतात. मधल्या शतकांत ऊन, पाऊस आणि पूर यांनीही आपापला वाटा उचललेला दिसतो.

मग ते शिलालेखांकडे वळले. देवळातले बहुतेक लेख हळेकन्नडमध्ये, म्हणजे जुन्या कन्नडमध्ये आहेत. दक्षिणेच्या बाजूला एक लेख मात्र संस्कृत भाषेत आणि देवनागरी लिपीत. तो देवगिरीच्या सिंघण यादवाचा, १२१३-१४ च्या सुमाराचा. याच सिंघणानं त्याआधी नुकताच पन्हाळ्यावर दुसऱ्या भोजाचा पाडाव करून शिलाहारांचं राज्य संपवलं होतं. हरलेल्या घराण्यानं नावारूपाला आणलेल्या या देवळाला जिंकणाऱ्यानं गाव इनाम दिलं आणि ते दगडावर कोरून ठेवलं. "राज्य गेलं, पण दिवा विझू दिला नाही," सर म्हणाले. वाडीतली आदिलशहाची कथा आणि हा लेख यांच्यात तीनेकशे वर्षांचं तरी अंतर आहे. सत्तेवर कुणीही येवो, या नदीकाठच्या देवाला गाव तोडून द्यायचं, हा रिवाज मात्र तोच.

गावातच थोड्या अंतरावर आदिनाथाचं जुनं जैन मंदिर आहे. बहुतेक गाड्या तिथं जात नाहीत. शिलाहारांनी शैव देवळांइतकाच जैन बसदींनाही आश्रय दिला, हे त्या पन्नास पावलांत कळतं. ते वाचून कधी कळलं नसतं. आत जाताना पायरीवर एक आजी गव्हातले खडे निवडत बसल्या होत्या. त्यांनी सूप बाजूला सारून वाट दिली आणि विचारलं, "कुठनं आलासा?" पुणं म्हटल्यावर म्हणाल्या, "मग जेवूनच जावा."

जेवलो मात्र शिरोळकडं परत फिरताना. शिरोळमध्ये भोजनपात्राचं दत्तमंदिर आहे. नृसिंह सरस्वती वाडीत असताना इथं भिक्षेला येत, ही श्रद्धा. दोन मिनिटं थांबून पुढं निघालो.

नांदणीचा जैन मठ हा या सहलीतला खरा जिवंत मठ. भट्टारकांची ही गादी फार जुनी, आणि दक्षिण महाराष्ट्र-उत्तर कर्नाटकातली सातशेहून अधिक गावं तिच्याशी जोडलेली. शेजारची शेतकरी जैन वस्ती भाजीपाल्यासाठी नावाजलेली आहे, आणि मठाच्या दारातही ओळखीच्या शेतकऱ्यांचीच ये-जा. आम्ही गेलो तेव्हा गावाच्या बोलण्यात एकच विषय होता, मठाची हत्तीण. महादेवी तिचं नाव, लोक माधुरी म्हणतात. तीन दशकांहून अधिक काळ ती मठात होती. तिच्या प्रकृतीचा आणि पालनाचा प्रश्न न्यायालयात गेला, आणि २०२५ च्या जुलैअखेर न्यायालयाच्या आदेशानं तिला गुजरातेत जामनगरजवळच्या वनतारा केंद्रात हलवण्यात आलं. त्या रात्री गाव रस्त्यावर आलं. ऑगस्टच्या सुरुवातीला नांदणी ते कोल्हापूर अशी पदयात्रा निघाली, तीत सगळ्या जातिधर्मांची माणसं चालली. पुढं तिच्यासाठी नांदणीतच सोयींनी युक्त केंद्र उभारण्याचा विचार सुरू झाला.

माझं मत विचाराल तर हत्तीसारख्या प्राण्याला साखळीत आणि डांबरी रस्त्यांवर ठेवण्याचे दिवस सरले आहेत. तिच्या पायांची काळजी करणारे चुकीचे नव्हते. पण गावाचं रडणंही नाटकी नव्हतं. ज्या मुलखानं आपलं देऊळ हत्तींच्या पाठीवर उभं केलं, त्यानं जिवंत हत्तीशी नातं जोडलं तर त्यात नवल काय? निर्णय कागदावर झाला. तो गावाला समजावून सांगायला, निरोपाला वेळ द्यायला कुणी हवं होतं.

नांदणीहून वर सरकलं की सपाटी संपते आणि डोंगर दिसू लागतात. कुंभोजजवळ बाहुबलीच्या टेकडीच्या पायथ्याशी २८ फूट उंच, संगमरवरी बाहुबली उभा आहे. १९६३ मध्ये त्याची प्रतिष्ठापना झाली. पायांवर चढलेल्या वेली आणि तरीही न ढळलेली नजर. मला मात्र त्या मूर्तीपेक्षा शेजारचं गुरुकुल पाहण्यात अधिक रस होता. समंतभद्र महाराजांनी ते १९३४ मध्ये सुरू केलं. त्याआधी १९१८ मध्ये त्यांनी असंच गुरुकुल विदर्भात कारंज्याला काढलं होतं. आणि कारंजा म्हणजे नृसिंह सरस्वतींचं जन्मगाव. वाडीतला संन्यासी आणि बाहुबलीचा मुनी, दोघांची वाट कारंज्याहून कृष्णेच्या खोऱ्यात आली. हा योगायोग असेल, पण हे कळल्यावर नकाशा वेगळा दिसू लागतो.

कुंभोज हे कर्मवीर भाऊराव पाटलांचंही जन्मगाव. २२ सप्टेंबर १८८७ ला ते इथं जन्मले आणि १९१९ मध्ये त्यांनी रयत शिक्षण संस्था काढली. मठात विद्यार्थी राहावेत, शिकावेत, काम करून खावं, ही रीत या टापूत रुजलेली होतीच. कर्मवीरांनी ती सगळ्या जातींच्या पोरांसाठी वसतिगृहात आणली. गाडीतल्या एका कॉलेजात जाणाऱ्या मुलीनं विचारलं, की मग मठ म्हणजे शाळाच की काय. सर म्हणाले, "चांगला मठ असला तर तसाच असतो, ताई."

शेवटचा टप्पा आळत्याचं रामलिंग. हातकणंगल्याजवळच्या डोंगरात एक गुहा आहे, तिच्यात पिंड, आणि पिंडीवर खडकातून पाणी ठिबकतं. ऐन उन्हाळ्यातही ही धार तुटत नाही असं गावकरी सांगतात. आपल्या बेसाल्टच्या डोंगरात हे घडतं ते असं, की वरच्या भेगाळ थरात पावसाचं पाणी मुरतं, खालच्या घट्ट थरावर अडतं आणि वाट मिळेल तिथून आडवं बाहेर येतं. वर झाडी असेल तर ते सावकाश मुरतं आणि सावकाश सुटतं. डोंगर उघडा पडला की पावसाळ्यात लोंढा आणि चैत्रात कोरड. म्हणजे पिंडीवरचा अभिषेक चालू राहायचा असेल तर माथ्यावरची झाडं राखली पाहिजेत. हे गणित पुजाऱ्यालाही मान्य आहे आणि वनखात्यालाही.

आत गारवा आणि ओल्या दगडाचा वास. डोक्यावर थेंब पडला की अंग शहारतं. सकाळी वाडीत पाहिलेलं पाणी पात्र सोडून देवाच्या घरात शिरणारं होतं. संध्याकाळी पाहिलेलं हे पाणी डोंगर थेंबाथेंबानं देवाला देत होता.

आता धबधबा. खरं सांगायचं तर शिरोळच्या काळ्या, सपाट रानात धबधबा नाही. धबधबा हवा तर पश्चिमेला राधानगरीजवळ राऊतवाडी आहे, दक्षिणेला घटप्रभेवर गोकाक आहे. गोकाकचा धबधबा सुमारे ५२ मीटर उंच, समोर झुलता पूल, आणि त्याच पाण्यावर तिथल्या गिरणीसाठी वीज होत आलेली. दोन्ही जागा पाहण्यासारख्याच आहेत. पण वाडीहून कुठंही जा, जाऊन-येऊन निम्मा दिवस गाडीतच जातो. सहली काढणारे तरीही त्या जोडतात, कारण पत्रकावर धबधबा लिहिला की जागा भरतात. त्यापायी खिद्रापूरला वीस मिनिटं मिळतात आणि नांदणी गळतंच. मी म्हणेन, गोकाकसाठी वेगळा दिवस काढा, तोही श्रावणात. सगळं मिळून सव्वाशे-दीडशे किलोमीटरचा हा फेरा धबधब्याशिवायच भरलेला आहे.

खटकणाऱ्या गोष्टीही पाहिल्या. संरक्षित स्मारकाच्या अंगणात चिप्सची पाकिटं. खांबांवर खडूनं लिहिलेली नावं. स्वच्छतागृहं नाहीत किंवा कुलूप लावलेली, आणि त्याचा सगळा त्रास बायकांना. कोपेश्वरापाशी स्वतःहून माहिती सांगायला धावणारी शाळकरी मुलं भेटली. त्यांना गोष्ट पाठ होती, पण शिलालेख कुठला आणि कुणाचा ते ठाऊक नव्हतं. सरांनी एका मुलाला सिंघणाच्या लेखापाशी नेऊन बोटानं अक्षरं दाखवली, तेव्हा तो 'श्री' वाचून इतका खूश झाला, की पुढच्या गाडीतल्या माणसांना हाताला धरून तिथंच घेऊन गेला.

हे काम सरकारची वाट न पाहता होऊ शकतं. शिरोळ आणि हातकणंगले तालुक्यांत महाविद्यालयं आहेत, निवृत्त शिक्षक आहेत, देवस्थानं आणि मठ आहेत. त्यांनी मिळून गावातल्या वीस-पंचवीस मुलामुलींना वर्षाकाठी चार रविवार दिले तर प्रत्येक थांब्यावर जाणता वाटाड्या उभा राहील आणि त्याच्या घरात चार पैसे जातील. २०२८ मध्ये गुरू कन्या राशीत येईल तेव्हा वाडीत कन्यागत पर्व भरेल आणि लाखोंची रीघ लागेल. तयारीला अजून वेळ आहे.

तुम्ही यायचं ठरवलंत तर दिवाळीनंतर या. पूर ओसरलेला असतो, डोंगर अजून हिरवे असतात, ऊसतोडीच्या गाड्यांची गर्दी पुरती सुरू झालेली नसते. रात्री वाडीतच मुक्काम करा, पहाटे काकड आरती घ्या आणि आठच्या आत खिद्रापूरला पोचा. टोपी, पाणी आणि रामलिंगला भिजलेल्या दगडावर न घसरणाऱ्या चपला असू द्या. मठांत आणि देवळांत शोभेल असा वेश असू द्या. आणि गाडी ठरवण्याआधी गावातल्या कुणा शिक्षकाला फोन करून दिवसभर बरोबर यायची विनंती करा, त्यांचं मानधन पाकिटात घालून आदरानं द्या.